एक्सेल, टॅली आणि वेबसेवा यांच्यामधल्या डीएलएल फायली : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हे पान गोव्यातल्या फोंडा, म्हापसा, मडगाव, डिचोलीकडच्या लहान कार्यालयांसाठी आहे: सीएंची ऑफिसं, पतसंस्था, काजूचे व्यापारी, दहा-वीस खोल्यांची हॉटेलं. अशा ठिकाणी वेगळा आयटी विभाग नसतो. एक्सेलची एक शीट असते, ती कोणीतरी कधीतरी करून दिलेली असते. बटण दाबलं की ती नेटवरून काही आणते किंवा नेटवर काही पाठवते, आणि एके सकाळी ते बंद पडतं. पडद्यावर एखाद्या डीएलएलचं नाव उमटतं आणि सगळा राग त्या फायलीवर निघतो. बहुतेक वेळा फाईल निर्दोष असते. उत्तरं विंडोजवरच्या ऑफिससाठी आहेत. मॅक आणि लिनक्सवाल्यांसाठी शेवटाकडे थोडं आहे.

डीएलएल म्हणजे काय, आणि एक्सेलला ती कशाला लागते?

नेटवरच्या सर्व्हरशी जोडणी करणं, त्याचं प्रमाणपत्र तपासणं, आलेलं एक्सएमएल (खुणा घालून लिहिलेला माहितीचा मजकूर) फोडून वाचणं ही कामं एक्सेल स्वतः करत बसत नाही. त्यासाठीचा कोड विंडोजमध्ये वेगळ्या फायलींत ठेवलेला असतो, आणि ज्याला गरज पडेल तो प्रोग्राम चालू असतानाच ती फाईल मेमरीत बोलावतो. एकच फाईल एक्सेल वापरतं, टॅली वापरतं, प्रिंटरचं सॉफ्टवेअरही वापरतं. वाड्यावरच्या सामायिक विहिरीसारखा हा व्यवहार आहे: पाणी सगळ्यांचं, पण एकाने पंप बदलला की बाकीच्यांच्या नळाला काय होईल ते त्याला ठाऊक नसतं.

आपल्या कामात तीन नावं सारखी येतात. विनएचटीटीपी.डीएलएल आणि विनआयनेट.डीएलएल या दोन नेटवरची देवाणघेवाण करतात, एमएसएक्सएमएल६.डीएलएल एक्सएमएल वाचते आणि वरच्या दोघींच्या आधाराने विनंत्याही पाठवते. तिन्ही विंडोजबरोबरच येतात.

मी तर असली फाईल कधी टाकलीच नाही. मग ती आली कुठून?

हा प्रश्न खरं तर सगळ्यात आधी विचारायला हवा, कारण दुरुस्ती कोणाकडे मागायची ते त्यावर ठरतं. काही फायली विंडोजच्या असतात. त्या विंडोज अपडेट सांभाळतं. काही ऑफिसच्या असतात. त्या ऑफिस दुरुस्त करतं, कंट्रोल पॅनेलमधल्या ‘रिपेअर’ने. काही बाहेरच्या सॉफ्टवेअरबरोबर येतात, उदाहरणार्थ डिजिटल सहीच्या टोकनचा ड्रायव्हर, बारकोड प्रिंटर, हॉटेलचं बुकिंग सॉफ्टवेअर. त्यांना त्यांचा इन्स्टॉलरच हवा.

चौथा प्रकार त्रासाचा. शीट करून देणाऱ्याने स्वतः लिहिलेली किंवा कुठून तरी उचललेली डीएलएल, ‘डी’ ड्राइव्हवर ‘न्यू फोल्डर (३)’ मध्ये ठेवलेली. तिचा इन्स्टॉलर नाही, मूळ कोड नाही, आणि करून देणारा आता दुबईला. ही फाईल चालते तोवर कोणाला आठवत नाही. तुमच्या कार्यालयात अशी एखादी असेल, तर ती बिघडायच्या आधी तिचा पत्ता एका कागदावर लिहून ठेवा: कुठे आहे, कोणी दिली, कोणती शीट तिला बोलावते.

फाईल कोणाची हे ओळखायला तिच्यावर राइट क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ उघडा. ‘डीटेल्स’मध्ये कंपनी आणि आवृत्ती दिसते, ‘डिजिटल सिग्नेचर्स’मध्ये सही. विंडोजच्या स्वतःच्या बऱ्याच फायलींत हा सहीचा टॅब दिसत नाही, कारण त्यांची सही वेगळ्या कॅटलॉग फायलीत असते. तेवढ्यावरून घाबरू नका.

‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असं येतं. नेटवर फुकट मिळते. उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकू का?

नको.

कारण एक: तिथून मिळणारी फाईल कोणत्या आवृत्तीची, किती बिटची (३२ की ६४, ते पुढे येईल), आणि आत काय घालून दिलेली आहे हे कळायला मार्ग नाही. ती तुमच्या एक्सेलच्या पोटात बसून चालणार, म्हणजे एक्सेलला जे जे दिसतं ते सगळं तिला दिसणार: पगारपत्रक, खातेदारांची यादी, सगळं. कारण दोन: हरवलेली फाईल एकटी नसते. तिच्यामागे तिच्या दोन-तीन सोबतिणी लागतात. एक टाकली की दुसरीचं नाव येतं.

व्हीसीरनटाइम१४० किंवा एमएसव्हीसीपी१४० असं नाव असेल तर मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेज घाला, ते फुकटच आहे; ३२ बिट आणि ६४ बिट दोन्ही घातलं तरी बिघडत नाही. नाव विंडोजच्या फायलीचं असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून ‘एसएफसी /स्कॅननाऊ’ चालवा. बाहेरच्या सॉफ्टवेअरचं असेल तर ते सॉफ्टवेअर पुन्हा घाला. आणि त्याआधी अँटिव्हायरसच्या क्वारंटाइनमध्ये डोकावा; सही नसलेली डीएलएल तो कधीकधी गुपचूप उचलून नेतो.

नवीन कॉम्प्युटर घेतला. शीट तीच, नेट तेच. तरी चालत नाही.

सगळ्यात जास्त येणारा प्रश्न हाच, आणि दहापैकी बहुतेक वेळा भांडण ३२ आणि ६४ बिटचं असतं.

ऑफिसची ६४ बिट आवृत्ती पहिल्यांदा २०१० मध्ये आली, पण पुढे कित्येक वर्षं नेहमीच्या इन्स्टॉलमध्ये ३२ बिटच बसायची. ऑफिस २०१९ पासून आणि आताच्या ३६५ मध्ये आपोआप ६४ बिट बसतं. म्हणजे जुन्या मशीनवर विंडोज ६४ आणि एक्सेल ३२ अशी जोडी होती. नवीनवर दोन्ही ६४. आणि नियम कडक आहे: ६४ बिट प्रोग्राम ३२ बिट डीएलएल आपल्या आत घेऊच शकत नाही, उलटही नाही. इथे विंडोज किती बिटचं आहे याला महत्त्व नाही, एक्सेल किती बिटचं आहे याला आहे. ‘फाईल’, ‘अकाउंट’, ‘अबाउट एक्सेल’ असं गेलात की पहिल्याच ओळीच्या शेवटी ते लिहिलेलं असतं.

लक्षणं तीन प्रकारची. शीट उघडताच ‘या प्रोजेक्टमधला कोड ६४ बिटसाठी बदलायला हवा’ अशा अर्थाचा संदेश आला, तर मॅक्रोमधल्या (शीटच्या बटणामागच्या कोडमधल्या) ‘डिक्लेअर’च्या ओळींत ‘पीटीआरसेफ’ हा शब्द नाही. तो घालायचा, आणि जिथे मेमरीचा पत्ता किंवा हँडल येतो तिथे ‘लाँग’ऐवजी ‘लाँगपीटीआर’ करायचं. केवळ ‘पीटीआरसेफ’ चिकटवून संदेश घालवणारे बरेच भेटतात. संदेश जातो आणि मग एक्सेलच अधूनमधून कोसळायला लागतं, ते शोधणं जास्त कठीण.

दुसरं लक्षण, एरर ४२९, ‘ॲक्टिव्हएक्स कम्पोनंट कान्ट क्रिएट ऑब्जेक्ट’. किंवा ‘क्लास नॉट रजिस्टर्ड’, शेपटीला ८००४०१५४. यातला नेहमीचा आरोपी म्हणजे स्क्रिप्टकंट्रोल, एमएसस्क्रिप्ट.ओसीएक्स. जुन्या शीटमध्ये वेबसेवेकडून आलेलं जेसॉन (एक्सएमएलसारखाच माहितीचा दुसरा मजकूर-प्रकार) फोडायला तो सर्रास वापरत. तो फक्त ३२ बिटमध्ये आहे. ६४ बिटचा कधी निघालाच नाही. त्याला ६४ बिट एक्सेलमध्ये नोंदवायचा खटाटोप करू नका, जेसॉन वाचायची पद्धतच बदला.

तिसरं लक्षण, एरर ५३: फाईल सापडत नाही. गंमत अशी की फाईल डोळ्यांसमोर असताना हा येतो, कारण तिला लागणारी दुसरी फाईल गायब असते.

घाई असेल, महिनाअखेर असेल, तर नवीन मशीनवर ऑफिस काढून ३२ बिट ऑफिस घाला. तोच परवाना चालतो. यात कमीपणा काही नाही.

विंडोज ६४ बिट आहे तर फाईल सिस्टम३२ मध्ये ठेवायची ना? की सिसवॉव६४ मध्ये?

नावं फसवी आहेत. ६४ बिट विंडोजवर सिस्टम३२ मध्ये ६४ बिट फायली असतात आणि सिसवॉव६४ मध्ये ३२ बिट. पण आपली स्वतःची फाईल दोन्हींत टाकू नका. तिला शीटच्या किंवा प्रोग्रामच्या फोल्डरात ठेवा आणि मॅक्रोत पूर्ण पत्ता द्या. नुसतं नाव दिलं तर विंडोज ठरलेल्या क्रमाने फोल्डर धुंडाळतं, आणि त्याच नावाची भलतीच फाईल आधी सापडली तर ती उचलतं.

डीएलएलची नोंद करणारं रेगएसव्हीआर३२ चालवलं तर ‘एंट्री पॉइंट सापडला नाही’ म्हणतं. फाईल खराब आहे का?

नाही. डीएलएलच्या दोन जाती आहेत. कॉम पद्धतीच्या (प्रोग्रामांनी एकमेकांचे तयार भाग वापरायची मायक्रोसॉफ्टची रीत) फायलींची रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, नोंद लागते. साध्या फायलींची लागत नाही, त्या ‘डिक्लेअर’ने थेट बोलावतात. साध्या फाईलवर रेगएसव्हीआर३२ चालवलं की ती म्हणते, माझ्यात नोंदणीचं दारच नाही. डॉटनेटमध्ये लिहिलेल्या फाईललाही हेच उत्तर मिळतं. तिच्यासाठी रेगॲझम हे नोंदणीचं वेगळं साधन लागतं, आणि तेही एक्सेलच्या बिटप्रमाणे ‘फ्रेमवर्क’ किंवा ‘फ्रेमवर्क६४’ फोल्डरातलं.

रेगएसव्हीआर३२ सुद्धा दोन आहेत, एक सिस्टम३२ मध्ये, एक सिसवॉव६४ मध्ये. दोन्हींचं नाव एकच.

‘कान्ट फाइंड प्रोजेक्ट ऑर लायब्ररी’ येतं आणि निळी पट्टी तारखेच्या ओळीवर थांबते. तारखेत काय चुकलं?

तारखेत काहीच नाही. व्हीबीए म्हणजे मॅक्रोंची भाषा; तिच्या संपादकात ‘टूल्स’, ‘रेफरन्सेस’मध्ये जा, एखाद्या ओळीच्या सुरुवातीला ‘मिसिंग’ दिसेल. एक संदर्भ तुटला की व्हीबीए बाकीचीही नावं नीट सोडवू शकत नाही आणि ‘डेट’, ‘लेफ्ट’, ‘मिड’ अशा बिनबोभाट शब्दांवर अडतं. मिसिंगची खूण काढा; ती लायब्ररी खरंच लागत असेल तर योग्य आवृत्ती निवडा.

पुन्हा हा त्रास नको असेल तर संदर्भ न जोडता ‘क्रिएटऑब्जेक्ट’ने वस्तू बनवायची. लिहिताना सूचनांची यादी खाली उघडत नाही, थोडं गैरसोयीचं होतं. पण शीट पाच मशीनवर फिरणार असेल तर मी दर वेळी हाच मार्ग घेईन.

एक्सएमएलएचटीटीपी, सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपी, विनएचटीटीपी. तिन्ही तेच करतात, मग कोणतं घेऊ?

तेच करत नाहीत, आणि निम्म्या तक्रारी इथून निघतात.

एक्सएमएलएचटीटीपी हे विनआयनेटवर बसतं, म्हणजे ब्राउझरच्या बाजूने. ते विंडोजमधलं प्रॉक्सीचं (नेटच्या वाटेवरच्या मधल्या सर्व्हरचं) सेटिंग वापरतं, कुकी ठेवतं, आणि एकदा आलेलं उत्तर साठवूनही ठेवतं. सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपी विनएचटीटीपीवर बसतं: साठवणूक नाही, वेळमर्यादा आपण ठरवू शकतो, पण ब्राउझरचं प्रॉक्सी सेटिंग त्याला दिसत नाही. विनएचटीटीपी थेट वापरलं तरी वागणूक जवळजवळ दुसऱ्यासारखीच.

वेबसेवेसाठी सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपीची ६.० आवृत्ती घ्या. जुन्या शीटमध्ये एमएसएक्सएमएल ४ दिसलं तर ते काढाच. त्याचा आधार मायक्रोसॉफ्टने २०१४ मध्ये थांबवला आणि नवीन विंडोजमध्ये ते येत नाही. तीन आणि सहा मात्र येतात.

डॉलरचा दर आज बदलला, शीट कालचाच दाखवते.

हॉटेलवाल्यांचा प्रश्न. आधी आज बँकांना सुट्टी नाही ना ते बघा: डॉलर, युरो, पौंड, येन यांचे संदर्भ दर जुलै २०१८ पासून एफबीआयएल ही संस्था जाहीर करते, तेही कामाच्या दिवशीच. सुट्टी नसेल तर शीट एक्सएमएलएचटीटीपी वापरत असणार आणि तिला साठवलेलं उत्तर मिळत असणार. सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपीवर जा. तेवढं शक्य नसेल तर पत्त्याच्या शेवटी प्रश्नचिन्हामागे चालू वेळ जोडा. पत्ता दर वेळी वेगळा झाला की साठवलेलं उत्तर लागू पडत नाही.

घरी चालतं, वेर्ण्याच्या फॅक्टरीत चालत नाही.

प्रॉक्सी. मोठ्या कंपन्यांत सगळी रहदारी प्रॉक्सीतून जाते. ब्राउझरला तो माहीत असतो, म्हणून साईट उघडते. विनएचटीटीपीला माहीत नसतो, म्हणून शीट १२०२९ किंवा १२००७ देऊन थांबते. कमांड प्रॉम्प्टवर ‘नेटएसएच विनएचटीटीपी शो प्रॉक्सी’ असं टाइप केलं की त्याला काय दिसतं ते कळतं. ‘डायरेक्ट ॲक्सेस’ असं आलं तर तिथल्या आयटीवाल्यांना सांगा, ते एका ओळीत बदलून देतील. स्वतःहून फायरवॉल बंद करून बघू नका.

१२१७५ नंबरचा एरर येतो. सेवा देणारे म्हणतात आमचं सगळं ठीक आहे.

ते खरं बोलतात. हा सुरक्षित जोडणी न जमल्याचा आकडा. दोन कारणं तपासा.

पहिलं साधं: मशीनची तारीख. पावसात वीज दहा वेळा जाते-येते, जुन्या डेस्कटॉपची सीमॉस बॅटरी संपलेली असते, आणि संगणक काही वर्षं मागे जाऊन उठतो. त्या तारखेला सर्व्हरचं प्रमाणपत्र जन्मालाच आलेलं नसतं.

दुसरं टीएलएस, म्हणजे सुरक्षित जोडणीची पद्धत. बहुतेक सेवांनी टीएलएस १.० आणि १.१ बंद करून १.२ किंवा वरचंच ठेवलं आहे. विंडोज ७ मधलं विनएचटीटीपी आपणहून १.२ वापरत नाही. त्यासाठी केबी३१४०२४५ हे अपडेट आणि सोबत रजिस्ट्रीत ‘डीफॉल्टसिक्युअरप्रोटोकॉल्स’ची नोंद, दोन्ही लागतात. अपडेट घातलं आणि नोंद विसरली की काहीच बदलत नाही. विंडोज ८.१ पासून हे आपोआप असतं. मॅक्रोची एक ओळही न बदलता चालती शीट एका रात्रीत बंद पडते ती अशी: समोरच्याने त्याच्या बाजूचं जुनं दार बंद केलेलं असतं.

नेट गेलं की एक्सेलच गोठतं. ‘नॉट रिस्पॉन्डिंग’.

विनंती थांबून उत्तराची वाट बघणारी असेल तर उत्तर येईपर्यंत एक्सेल दुसरं काही करत नाही. सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपीमध्ये आपण काही सांगितलं नाही तर जोडणीसाठी ६० सेकंद, पाठवायला ३० आणि उत्तराला ३० सेकंद थांबायची मुभा असते. नाव शोधायला तर मर्यादाच नाही. सत्तरीत, काणकोणात जुलैमध्ये ही मुभा परवडत नाही. ‘सेटटाइमआउट्स’मध्ये चार आकडे मिलिसेकंदात द्या. पाच, पाच, दहा, वीस सेकंद असे ठेवले तर माणूस टास्क मॅनेजरकडे धावण्याआधी शीट स्वतःच ‘नेट नाही’ म्हणते.

आणि पाठवणारी विनंती असेल तर आंधळेपणाने पुन्हा पाठवू नका. पहिली तिकडे पोचलेली असू शकते, फक्त उत्तर वाटेत हरवलेलं असतं.

शीटमध्ये ‘सोपक्लायंट३०’ आणि ‘सीएलएसडब्ल्यूएस’ने सुरू होणारी नावं आहेत. ही कुठली भानगड?

पुराणवस्तू. ऑफिस एक्सपी आणि ऑफिस २००३ साठी मायक्रोसॉफ्टने वेब सर्व्हिसेस टूलकिट दिलं होतं. सेवेच्या डब्ल्यूएसडीएलचा (सेवेचं वर्णन करणाऱ्या फायलीचा) पत्ता द्यायचा, ते आपोआप व्हीबीएचे क्लास लिहून द्यायचं, आणि खाली एमएसओएसओएपी३०.डीएलएल काम करायची. त्या काळी हे फारच सोयीचं होतं, एका ओळीत दूरच्या सर्व्हरचं फंक्शन बोलावता यायचं. ऑफिस २००७ पासून त्याचा आधार संपला. जुन्या मशीनवरून फाईल उचलून नवीनवर बसवायचा मोह होतो. ३२ बिट ऑफिसमध्ये कधीकधी ते चालतंही. तरी त्यावर नवीन काही बांधू नका.

सेवा अजून सोप (एक्सएमएल पाकिटांत बोलायची जुनी पद्धत) हेच बोलत असेल तर काही अडत नाही. सोपचं पाकीट म्हणजे शेवटी एक्सएमएल मजकूरच. तो हाताने तयार करा, मजकुराचा प्रकार ‘टेक्स्ट/एक्सएमएल’ द्या, ‘सोपॲक्शन’ हेडर लावा आणि सर्व्हरएक्सएमएलएचटीटीपीने पाठवा. पन्नास-साठ ओळींचं काम आहे, बाहेरची एकही डीएलएल न घालता.

मॅक्रोशिवाय जमणार नाही का?

नुसतं आणायचं असेल तर जमतं. एक्सेल २०१३ पासून ‘वेबसर्व्हिस’ हे सूत्र आहे, सोबत ‘फिल्टरएक्सएमएल’. पत्ता २,०४८ अक्षरांहून लांब किंवा उत्तर ३२,७६७ अक्षरांहून मोठं झालं की ते ‘व्हॅल्यू’चा एरर देतं, आणि त्यात पासवर्डची सोय नाही. त्याहून भक्कम म्हणजे पॉवर क्वेरी: एक्सेल २०१० आणि २०१३ ला वेगळं घालावं लागे, २०१६ पासून ‘डेटा’ टॅबमध्येच आहे. जेसॉन, एक्सएमएल, वेबपानावरचे तक्ते सगळं वाचते. पाठवायच्या कामाला मात्र ती नाही.

टॅलीतली माहिती एक्सेलमध्ये आणायला कोणती डीएलएल घ्यावी?

बहुतेक वेळा कुठलीच विकत घेऊ नये. टॅली स्वतः छोटा सर्व्हर होऊन बसतं, नेहमीचा पोर्ट ९०००. टॅलीप्राईमच्या कनेक्टिव्हिटी सेटिंगमध्ये ते चालू करायचं, कंपनी उघडी ठेवायची, आणि त्याच मशीनवरून ‘लोकलहोस्ट’च्या ९००० पोर्टवर एक्सएमएल पाठवायचं, उत्तर एक्सएमएलमध्येच येतं. विंडोजची एमएसएक्सएमएल६ एवढ्याला पुरते. ओडीबीसीचा (ड्रायव्हरमधून माहितीसाठ्याशी जोडायचा) मार्गही आहे, पण तिथे ड्रायव्हर आणि एक्सेलचे बिट जुळायला हवेत, म्हणजे पुन्हा मघाचंच भांडण.

कंपनी उघडी नसेल तर पोर्ट उत्तर देतो, पण हवी ती माहिती येत नाही. सकाळी सकाळी येणाऱ्या फोनांपैकी बरेच एवढ्यावरच मिटतात.

ई-इनव्हॉइस थेट एक्सेलमधून पाठवता येईल?

आधी ते लागतं का ते बघा. १ ऑगस्ट २०२३ पासून उलाढालीची मर्यादा ५ कोटींवर आली आहे, आणि ते नोंदणीकृत व्यवसायाला दिलेल्या आणि निर्यातीच्या बिलांपुरतं आहे. कळंगुटच्या हॉटेलात कुटुंबाने चार दिवस घालवले तर त्या बिलाला लागत नाही; एखाद्या कंपनीने परिषदेसाठी वीस खोल्या घेऊन जीएसटी क्रमांक दिला तर लागतं. महिन्याला अशी मोजकीच बिलं असतील तर एनआयसी या सरकारी माहिती केंद्राचं फुकट मिळणारं एक्सेलचं साधन वापरा. ते जेसॉन फाईल करून देतं, ती पोर्टलवर चढवायची. १० कोटी आणि त्यावरच्यांना १ एप्रिल २०२५ पासून बिलाच्या तारखेपासून ३० दिवसांची मुदत आहे, तेव्हा ‘नेट नव्हतं’ म्हणून महिना ढकलू नका.

थेट जोडणीत लॉगिनची माहिती सर्व्हरच्या सार्वजनिक किल्लीने कुलूपबंद करावी लागते आणि पुढची देवाणघेवाण एईएस या गुप्तलेखनाच्या पद्धतीने. व्हीबीएमध्ये हे करणं म्हणजे हट्ट. इथे डॉटनेटची छोटी डीएलएल किंवा तयार बिलिंग सॉफ्टवेअर हेच योग्य. या पानावर इतका वेळ मी बाहेरच्या फायलींविरुद्ध बोलतो आहे, हा अपवाद.

काजूवाल्यांना एक इशारा. त्यांचा एचएसएन (जीएसटीतला मालाचा क्रमांक) ०८०१ ने सुरू होतो. सेलचा प्रकार ‘टेक्स्ट’ नसेल तर एक्सेल पुढचं शून्य खाऊन टाकतं, सेवा बिल नाकारते, आणि नाव डीएलएलचं होतं.

डिजिटल सहीचं टोकन लावलंय, दिवा पेटतो, पण सही करणारं सॉफ्टवेअर ते ओळखत नाही.

टोकन आणि सॉफ्टवेअर यांच्यामध्येही एक डीएलएलच असते, ती टोकनच्या ड्रायव्हरबरोबर येते. विंडोज बदललं की ती जाते. ड्रायव्हर पुन्हा घाला, टोकन काढून लावा, सॉफ्टवेअर पूर्ण बंद करून उघडा. दोन वेगळ्या कंपन्यांची टोकनं एकाच मशीनवर असतील तर सॉफ्टवेअरला नेमकी कुठली डीएलएल वापरायची तो पत्ता द्यावा लागतो.

मराठी नावं पाठवली की पलीकडे ???? जातं.

सेलमध्ये देवनागरी नीट असते, कारण सेल युनिकोड समजतो. व्हीबीएचा संपादक समजत नाही. मॅक्रोतच ‘साखळी’ असं लिहिलंत तर ते तिथेच प्रश्नचिन्हं होतं. ‘मेसेजबॉक्स’मध्येही तीच गत. म्हणून मराठी मजकूर मॅक्रोत लिहू नका, लपवलेल्या शीटवर ठेवून तिथून वाचा.

मजकूर मध्ये कुठे फाईलमध्ये लिहिला जातो का तेही बघा. ‘ओपन फॉर आउटपुट’ने लिहिलेली फाईल युनिकोड नसते, ‘एडीओडीबी.स्ट्रीम’ने यूटीएफ-८ मध्ये लिहा. एक्सएमएलएचटीटीपीच्या ‘सेंड’ला थेट मजकूर दिला तर तो आपणहून यूटीएफ-८ मध्येच जातो. आणि याद्या जुन्या श्रीलिपीच्या काळातल्या असतील तर कोणतीच डीएलएल मदत करणार नाही: पडद्यावर मराठी दिसलं तरी आत इंग्रजी अक्षरं आणि चिन्हं आहेत. देवस्थानांच्या आणि पतसंस्थांच्या सभासद याद्यांत हे फार सापडतं. आधी त्या युनिकोडमध्ये आणा.

मेलने आलेली शीट उघडली तर लाल पट्टी येते, मॅक्रो बंद.

२०२२ पासून नेटवरून आलेल्या फायलींतले मॅक्रो ऑफिस आपणहून अडवतं. पाठवणारा ओळखीचा असेल आणि त्यानेच पाठवल्याची फोनवर खात्री झाली असेल, तर फाईल बंद करून ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘अनब्लॉक’ची खूण करा. एक्सएलएल ॲड-इनलाही (एक्सेलसाठी लिहिलेली डीएलएलच ती) हाच नियम. सगळ्याच मॅक्रोंना कायमची मोकळीक देऊ नका.

व्हीबीस्क्रिप्ट जाणार म्हणतात. आपल्या शीटला काय?

मायक्रोसॉफ्टने ऑक्टोबर २०२३ मध्ये तसं जाहीर केलं. विंडोज ११ च्या २४एच२ पासून व्हीबीस्क्रिप्ट हा काढता येणारा ऐच्छिक भाग आहे. व्हीबीए वेगळं, ते राहतं. पण मॅक्रोत ‘व्हीबीस्क्रिप्ट.रेगएक्स्प’ असेल तर ते व्हीबीस्क्रिप्ट.डीएलएलमधून येतं. एकदा शोधून ठेवा.

मॅकवर? लिबरऑफिसमध्ये?

मॅकवर डीएलएल नाहीत, त्यांच्या जागी डायलिब फायली असतात. वर सांगितलेलं एक्सएमएलएचटीटीपी, विनएचटीटीपी काही चालत नाही. लिनक्सवर .एसओ फायली. लिबरऑफिस कॅल्कमध्ये ४.२ आवृत्तीपासून ‘वेबसर्व्हिस’ आणि ‘फिल्टरएक्सएमएल’ ही सूत्रं आहेत, साध्या कामाला पुरतात. एकच साधन विंडोज, मॅक आणि ब्राउझरमधल्या एक्सेलमध्ये चालायला हवं असेल तर जावास्क्रिप्टचं ऑफिस ॲड-इन करून घ्या. त्यात डीएलएलचा प्रश्नच येत नाही.

सेवेची किल्ली (‘एपीआय की’) किंवा पासवर्ड मॅक्रोत लिहिला तर चालेल ना? प्रोजेक्टला पासवर्ड लावलाय.

व्हीबीए प्रोजेक्टचा पासवर्ड काही मिनिटांत निघतो. किल्ली त्या-त्या माणसाच्या विंडोज खात्यात ठेवा किंवा दर वेळी विचारा. शीट मेलने फिरते, किल्ली तिच्याबरोबर फिरते.

शीट करून देणाऱ्याकडून काय काय मागून घ्यावं?

बाहेरच्या डीएलएलचा इन्स्टॉलर, मूळ कोड, कोणत्या बिटसाठी ती आहे, आणि कोणत्या सेवेचा कोणता पत्ता शीट बोलावते ते एका पानावर. शेवटचे पैसे द्यायच्या आधी दुसऱ्या, कोऱ्या मशीनवर बसवून दाखवायला सांगा. तो म्हणेल गरज नाही. तरी सांगा.

फक्त या एका शीटसाठी विंडोज ७ चं जुनं मशीन कोपऱ्यात ठेवलंय. चालू दे का?

त्याचा आधार १४ जानेवारी २०२० ला संपला. विंडोज १० चा, आणि सोबत ऑफिस २०१६ व २०१९ चाही, १४ ऑक्टोबर २०२५ ला. शीट नेटला हात लावत नसेल, तर केबल काढा आणि जुनी वर्षं बघायला खुशाल ठेवा. नेटला हात लावत असेल तर चवथीच्या सुट्टीआधी तिचा मॅक्रो नवीन मशीनवर हलवून घ्या. सुट्टीत दुरुस्तीला माणूस मिळत नाही.